गारंबीची वेल : तोडावी कीं राखावी ?

मावळांतील शेतकऱ्यापुढें ‘वेल’ हा शब्द उच्चारला कीं त्यास काकडी, दोडका, कारलें, फार तर भोपळा आठवतो. पावसाळ्यांत मांडवावर चढावें, दिवाळीपर्यंत फळावें आणि उन्हें तापूं लागलीं कीं वाळून जावें, असा त्या वेलींचा एका हंगामाचा संसार असतो. प्रस्तुत लेखांत ज्या वेलीचा विचार करावयाचा आहे, तिचा संसार निराळा आहे. तिला खोड आहे, त्या खोडांत लांकूड आहे, आणि जुन्या वेलीचें खोड माणसाच्या मांडीएवढें, क्वचित् त्याहूनहि जाड होतें. एका झाडावरून दुसऱ्यावर व दुसऱ्यावरून तिसऱ्यावर अशी ती ओढ्याच्या कडेनें चाललेली असते. आणि तिची शेंग उभी धरली तर मोठ्या माणसाच्या कमरेपर्यंत, कधीं छातीपर्यंत येते. ही गारंबी होय. कोठें तिला गारबी म्हणतात, कोठें गारदळ. श्री. ना. पेंडसे यांच्या ‘गारंबीचा बापू’ या १९५२ सालच्या कादंबरीमुळें गारंबी हें नांव घरोघर पोंचलें आहे; पण तेथील गारंबी हें कोकणांतील गांव आहे. आमचा विषय वेल हा आहे.

हा विषय आजच कां घेतला, तेंहि सांगितलें पाहिजे. मावळांत डोंगरकडेची व ओढ्याकांठची जमीन झपाट्यानें हात बदलीत आहे. विकणाऱ्यास घेणारा म्हणतो, ‘जागा साफ करून द्या.’ न विकणाराहि कधीं आंबा, कधीं काजू लावावयाचा म्हणून जागा साफ करूं लागतो. या सफाईंत झाडाची निदान मोजदाद तरी होते. वेलीस मात्र कोणी मोजीत नाहीं. झाडाला पोसणारी ती नव्हे, उलट त्याला गुंडाळणारी. तेव्हां पहिला घाव तिच्यावर पडावयाचा, हें ठरलेलेंच. हा घाव कोठें योग्य आहे व कोठें अयोग्य आहे, एवढें सांगणें हा या लेखाचा हेतु आहे.

वेलीचें घर

गारंबी ही मूळची उष्ण, दमट व सखल प्रदेशांतील अरण्याची रहिवासी. पूर्व आफ्रिकेपासून हिंदुस्थान, सिंहलद्वीप व आग्नेय आशियांतून थेट ऑस्ट्रेलियाच्या उत्तर भागापर्यंत तिचा विस्तार आहे. सह्याद्रींत ती कोकणच्या पायथ्यानें, घाटाच्या घळींतून व देवरायांच्या आश्रयानें राहते. लोणावळें समुद्रसपाटीपासून सुमारें ६२० मीटर उंच आहे, म्हणजे सखल प्रदेश खचितच नव्हे. पण तेथें वर्षास चार हजार मिलिमीटरांच्या वर पाऊस पडतो, आणि माथ्यावरून कोकणाकडे उतरणाऱ्या दऱ्यांत वारा अडतो व ओल टिकते. अशा घळींतच या वेलीचा जम बसतो. उघड्या पठारावर, वाऱ्याच्या तोंडीं, ती टिकत नाहीं. तेथून पूर्वेस वडगांव-तळेगांवाकडे जातां जातां पाऊस कोसागणिक कमी होतो, आणि असल्या दाट वेलींचें रान मागें पडून भाताचीं खाचरें व पुढें माळरान लागतें.

यावरून एक गोष्ट ध्यानांत येईल. आंदर मावळ, नाणे मावळ व पवन मावळ या तिन्ही खोऱ्यांच्या पश्चिम टोंकास ज्यांच्या जमिनी आहेत, त्यांनाच हा प्रश्न प्रत्यक्ष पडणार. या भागांतील जंगल मागील दीडशें वर्षांत अनेकदां मागें हटलें आहे. १८६३ मध्यें भोर घाटांतून रेल्वे गेली; विसाव्या शतकाच्या पूर्वार्धांत वीज निर्माण करण्यासाठीं वळवण, शिरवता वगैरे जलाशय झाले व ओढ्याकांठच्या सखल भागावर पाणी आलें; पुढें पवना धरण झालें; आणि २००२ पासून मुंबई-पुणें द्रुतगति मार्ग पूर्णपणें चालूं होऊन येथील जमिनीचा भाव सर्वस्वीं बदलला. या सर्वांनीं मावळास कांहीं ना कांहीं दिलें, हें नाकारण्याचें कारण नाहीं. परंतु प्रत्येक वेळीं जी जागा प्रथम गेली ती ओढ्याकांठची. आणि गारंबीची जागाहि नेमकी तीच.

ओळख

रानांत जाड दोरखंडासारखें लोंबणारें सर्वच कांहीं गारंबी नसतें. कुऱ्हाड उचलण्यापूर्वीं वेल ओळखतां आली पाहिजे, म्हणून मुख्य खुणा देतों.

गारंबी ही शिंबावंत वर्गांतील, म्हणजे शेंगा धरणाऱ्या वनस्पतींपैकीं, व त्यांतहि बाभळीच्या नात्यांतील आहे. परंतु तिला कांटे नाहींत. पान संयुक्त असतें. मधल्या दांड्यास एक किंवा दोन जोड्या फांटे असून प्रत्येक फांट्यावर तीन ते पांच जोड्या पर्णिका असतात. या पर्णिका बाभळीच्या पाल्यासारख्या बारीक नसून चांगल्या बोटभर लांब असतात. पानाच्या दांड्याचें टोंक दुभंगून त्याचा ताणा होतो. या ताण्यानेंच ती आधारास विळखा घालते. खोड गोल न राहतां पुष्कळदां चपटें होतें व सुतळीस पीळ द्यावा तसें पिळवटतें. फुलोरा उन्हाळ्यांत येतो. पिवळसर पांढऱ्या बारीक फुलांचे लांब तुरे लोंबतात. एका तुऱ्यावर फुलें अगणित असलीं तरी त्यांतील कित्येक केवळ नरफुलें असतात, यामुळें इतक्या बहरांतून शेंगा मोजक्याच लागतात.

तिच्या शेजारीं वाढणाऱ्या इतर वेली अशा : उक्षीचें पान साधें असतें, तिला हिंवाळ्याच्या अखेरीपासून फिकट हिरवट फुलांचे घोस येतात व पुढें तीं वाळून पांच पंखांचीं भुरकीं फळें वाऱ्यावर उडतात. शिकेकाईस आंकडेदार कांटे असतात आणि पाला अगदीं बारीक असतो. पळसवेलीस पळसाप्रमाणेंच तीन-तीन पर्णिका व तशींच केशरी फुलें असतात. गुळवेलीचें पान हृदयाकृति असून तिची साल कागदासारखी सुटते व तिच्यापासून सुताप्रमाणें मुळें खालीं लोंबतात. या चारहि वेली उपयोगी आहेत. यांखेरीज अमरवेल व बांडगूळ हीं जीं दोन, त्यांची जातच निराळी. तीं झाडाच्या अंगांत मुळें घालून त्याचा रस पितात. गारंबी तसें करीत नाहीं; तिचीं मुळें तिच्या स्वतःच्या जमिनींत असतात व झाडाचा ती केवळ आधार घेते. ‘वेल म्हणजे झाडाचें रक्त पिणारी’ असा जो सरसकट समज आहे, तो या भेदाच्या अज्ञानामुळें झाला आहे.

शेंग आणि बी

गारंबीची शेंग एक मीटरपर्यंत व कधीं त्याहूनहि लांब, आणि चांगली वीतभर नसली तरी चार बोटांहून अधिक रुंद असते. ती एकसंध फुटत नाहीं. प्रत्येक बियाभोंवतीं एक असे तिचे खण असतात. पक्व झाल्यावर वरील साल गळते व एक-एक खण सुटून खालीं पडतो. मागें शेंगेच्या दोन कडांची रिकामी चौकट तेवढी वेलीवर लोंबत राहते. बी तपकिरी, गुळगुळीत, चपटें व सुमारें पांच सेंटिमीटर रुंद असतें. त्याची टरफल इतकी कठीण असते कीं दगडावर आपटली तरी सहसा फुटत नाहीं.

या बियाच्या दोन दळांमध्यें हवेची पोकळी असते, यामुळें तें पाण्यावर तरंगतें. ओढ्यांतून नदींत, नदींतून खाडींत व खाडींतून समुद्रांत असा त्याचा प्रवास होतो, आणि महिनोगणती खाऱ्या पाण्यांत राहूनहि त्यांतील जीव शाबूत राहूं शकतो. या वेलीचा विस्तार तीन खंडांच्या किनाऱ्यांवर होण्याचें हें एक मोठें कारण होय. तिची अमेरिकेंतील बहीण आहे, तिच्या बिया तर अटलांटिक महासागर ओलांडून आयर्लंड व नॉर्वेच्या किनाऱ्यास लागतात. मात्र हा प्रवास खालच्या दिशेचा आहे. कोकणच्या पायथ्याशीं पडलेलें बी घाट चढून मावळांत येत नाहीं. माथ्यावरची वेल गेली म्हणजे ती जागा आपोआप भरून निघेल, ही आशा म्हणूनच फोल आहे.

उपयोग

या वेलीचें शास्त्रीय नांव ‘एंटाडा ऱ्हीडी’. यांतील पहिला शब्द मलबारी भाषेंतील नांवावरून घेतला आहे. दुसरा शब्द मलबारांतील डच अधिकारी हेंड्रिक व्हान ऱ्हीड याच्या स्मरणार्थ आहे. त्याचा ‘हॉर्टस मलबारिकस’ हा बारा खंडांचा ग्रंथ १६७८ ते १६९३ या काळांत ॲम्स्टरडॅम येथें छापला गेला. त्यास माहिती पुरविणाऱ्यांत इट्टी अच्युतन् हा मलबारी वैद्य होता, तसेच रंगभट, विनायक पंडित व अप्पूभट हे तीन कोंकणी वैद्यहि होते, आणि या तिघांचा दाखला पहिल्या खंडांत देवनागरी लिपींतच छापला आहे. आमच्या लोकांस रानांतील वेलीचें ज्ञान होतें व तें परदेशीयांनीं आदरानें टिपून घेतलें, याचा हा पुरावा वाचकांस अभिमानास्पद वाटेल.

गारंबीच्या गुळगुळीत बियांचा उपयोग बंगालमध्यें धोबी करीत. तेथें तिला ‘गिला’ म्हणतात. हें बी कापडावर घासून सदऱ्याच्या बाह्यांना व धोतरास बारीक चुण्या पाडीत, व अशा कपड्यास ‘गिले केलेलें’ म्हणण्याची तेथें रीत आहे. फिलिपाईन बेटांत याच वर्गांतील वेलीचें खोड कुटून त्याच्या फेंसानें केस धुतात. हा फेंस शिकेकाईच्या फेंसासारखाच असून तो आणणारा पदार्थ खोडांत व बियांत दोहोंतहि असतो. त्याचमुळें कच्चें बी विषारी आहे. कांहीं ठिकाणचे वनवासी लोक तें भाजून, दळें वेगळीं करून व पाण्यांत दीर्घकाळ भिजवून खातात. परंतु तें त्यांचें पिढ्यान्‌पिढ्यांचें कसब आहे. आमच्या वाचकांनीं तो प्रयोग करूं नये, आणि मुलांच्या खेळांत व जनावरांच्या दावणींत हें बी राहणार नाहीं अशी काळजी घ्यावी.

मात्र या वेलीचें खरें मोल एका निराळ्याच हकीकतींत आहे. पुण्याच्या महाराष्ट्र विज्ञानवर्धिनींतील वनस्पतिशास्त्रज्ञ वा. द. वर्तक व माधव गाडगीळ यांनीं सह्याद्रींतील देवरायांची पाहणी करून १९७६ मध्यें आपला लेख प्रसिद्ध केला. देवराई म्हणजे पुराणमतवाद, असें समजणाऱ्या सुशिक्षितांचे डोळे त्या कामानें उघडले. कोकणांतील एका देवराईंत त्यांना गारंबीची एकच वेल आढळली. आसपासच्या मुलुखांत ती दुसरीकडे कोठें उरली नव्हती. सर्पदंश झालेल्या जनावरास तिची साल देतात, अशी तेथील लोकांची समजूत. आणि त्या सालीसाठीं चाळीस-चाळीस किलोमीटरांवरून लोक त्या एका वेलीकडे येत.

या सालीनें साप उतरतो असें आम्ही मुळींच म्हणत नाहीं. सर्पदंशावर प्रतिविषाच्या टोंचणीवांचून दुसरा खात्रीचा उपाय नाहीं; माणसास तत्काळ दवाखान्यांत व जनावरास पशुवैद्याकडे न्यावें, त्यांत एक घटकाहि दवडूं नये. आमचा मुद्दा वेगळा आहे. ज्या मुलुखांत एके काळीं ओढ्याओढ्याला गारंबी असावयाची, तेथें चाळीस किलोमीटरांच्या टापूंत एक उरली, आणि तीहि देवाच्या नांवावर सोडलेल्या जागेंत. लोकांना तिची गरज होती, तिचें नांव ठाऊक होतें, तिच्यासाठीं पायपीट करण्याची तयारी होती. फक्त स्वतःच्या जमिनींत ती राखण्याचें कोणास सुचलें नव्हतें.

वेलीनें होणारें नुकसान

एकच बाजू सांगणें हें शेतकी मासिकाचें काम नव्हे. वेलीनें झाडाचें नुकसान होतें, हें खरें आहे. झाडास उभें राहण्यासाठीं स्वतःचें लांकूड पोसावें लागतें. वेल तो खर्च वांचविते, व वांचलेलें सारें बळ पानांत घालते. तिच्या खोडांतील पाणी वाहणाऱ्या नळ्या रुंद असतात, म्हणून पाणीहि ती भराभर वर ओढते. माथ्यावर पोंचल्यावर तिच्या पानांनीं झाडाचें ऊन अडतें, फांद्यांवर भार पडतो, वादळांत एक झाड कोसळलें तर वेलीनें बांधलेलीं शेजारचीं दोन-तीन झाडेंहि ओढलीं जातात. मध्य अमेरिकेंतील पनामा देशांत जंगलाच्या कांहीं तुकड्यांतील वेली काढून व कांहींतील तशाच ठेवून तुलना करण्यांत आली. २०१५ मध्यें प्रसिद्ध झालेल्या त्या प्रयोगांत असें दिसलें कीं वेली असलेल्या तुकड्यांत जंगलाची निव्वळ वाढ सुमारें तीन चतुर्थांशांनीं कमी भरली. जंगलखात्याच्या कामांत वेली तोडण्याचा जो जुना परिपाठ आहे, तो म्हणून निराधार नाहीं.

परंतु तो परिपाठ लांकडासाठीं राखलेल्या जंगलाचा आहे. ज्याला सागाचें लांकूड काढावयाचें, त्यानें सागावर वेल चढूं देऊं नये, हें उघड आहे. ओढ्याच्या घळींतून मात्र आपण लांकूड काढीत नाहीं. तेथून आपणांस पाणी हवें असतें, सांवली हवी असते, कांठ टिकावयास हवा असतो. तेथें या वेलीचा दाट माथा उन्हाळ्यांत ओढ्यावर छाया धरतो, तिचीं मुळें कांठाची माती बांधून ठेवतात, आणि मोडलेल्या झाडाची मोकळी झालेली जागा ती लवकर झांकते. आपल्या राज्याचा मानाचा प्राणी जो शेकरू, तो जमिनीवर क्वचितच उतरतो. झाडाझाडांतून जाणाऱ्या असल्या वेली म्हणजे त्याचे पूल होत. वेल एका ठिकाणीं नुकसान करते म्हणून ती सर्वत्र नुकसानकारक ठरत नाहीं. भाताच्या खाचरांत तुंबलेलें पाणी हिताचें व भुईमुगाच्या रानांत घातक, तसाच हा प्रकार आहे.

कोठें तोडावी, कशी तोडावी

येथवरच्या विवेचनावरून पुढील नियम निघतात.

एक : आंबा, फणस, हिरडा, जांभूळ अशा उत्पन्नाच्या झाडावर गारंबी अथवा दुसरी कोणतीहि जाड वेल चढत असेल, तर ती लहान असतांनाच काढावी. अंगठ्याएवढी असतांना कोयत्याचें काम, मांडीएवढी झाल्यावर कुऱ्हाडीचें.

दोन : मोठी वेल तोडणें प्राप्तच झालें, तर गुडघ्याइतक्या उंचीवर एक व छातीइतक्या उंचीवर दुसरा असे दोन घाव घालून मधला तुकडा काढून टाकावा, म्हणजे दोन्ही टोंकें पुन्हां भिडत नाहींत. वरचा भाग ओढून काढण्याचा मोह टाळावा. त्यानें झाडाच्या फांद्या मोडतात व खालील माणसाच्या जिवास धोका असतो. तो झाडावरच वाळूं द्यावा. कालांतरानें आपोआप गळून पडेल. बुंध्यास फूट येते, तीवर पुढील पावसाळ्यांत लक्ष ठेवावें.

तीन : परवानगी घेऊन एखादें मोठें झाड पाडावयाचें असेल, तर त्यावरील वेल सहा महिने ते एक वर्ष आधीं तोडून ठेवावी. वाळलेली वेल शेजारचीं झाडें ओढीत नाहीं. येथें हेंहि सांगणें जरूर आहे कीं आंबा, हिरडा, जांभूळ, ऐन वगैरे झाडांस १९६४ चा महाराष्ट्र झाडें तोडण्याबाबतचा कायदा लागू आहे. पण तो कायदा झाडांचा आहे. वेलीचें रक्षण मालकाच्या विवेकावरच अवलंबून राहतें.

चार : राबासाठीं डहाळ्या तोडतांना ऐन-किंजळाबरोबर वेलीहि ओरबाडल्या जातात. ज्यांनीं चारसूत्री पद्धतीनें भातलागवड करून राब भाजणें सोडलें, त्यांच्या रानांत हें नुकसान कमी झालें आहे. ज्यांनीं सोडलें नाहीं, त्यांनीं निदान ओढ्याच्या दोन्ही कांठांवरील पट्टा राबाच्या तोडींतून वगळावा.

पांच : अमरवेल, बांडगूळ, घाणेरी व रानमोडी यांची गय करूं नये. सफाईची हौस असेल त्यांनीं ती येथें भागवावी. हें काम वर्षभर पुरून उरेल इतकें आहे.

सहा : घळींत, देवराईंत, मोठ्या उतारावर, व जेथें गांवांत एकच गारंबी उरली आहे तेथें तिला हात लावूं नये. जमीन विकतांना ती कोठें आहे हें घेणाऱ्यास दाखवून द्यावें. यंत्राच्या सुपल्यास जुनी वेल व तण यांतील फरक कळत नाहीं. तो मालकानें आधीं दोरी बांधून दाखवावा लागतो. २००२ च्या जैविक विविधता कायद्यान्वयें ग्रामपंचायतीच्या पातळीवर समिति नेमून लोकांची जैवविविधता नोंदवही करावयाची असते. आपल्या गांवच्या नोंदवहींत गारंबी लिहिली आहे कीं नाहीं, हें वाचकांनीं पंचायतींत जाऊन पाहावें, व नसल्यास लिहवून घ्यावी.

लागवड

राखणें हें अर्धें काम. उरलेलें अर्धें लावण्याचें. तें अवघड नाहीं, परंतु नेहमींच्या संवयी येथें कांहींशा बाजूस ठेवाव्या लागतात.

भाताचें बी पेरण्यापूर्वीं आपण दहा लिटर पाण्यांत तीनशें ग्रॅम मीठ घालून त्यांत तें बुडवितों. तळाशीं बसेल तें चांगलें व तरंगेल तें पोंचट. ही परीक्षा गारंबीस लावल्यास चांगलें बी फेंकून दिलें जाईल, कारण पोकळीमुळें तिचें निरोगी बीहि तरंगतें. येथें डोळ्यानेंच निवड करावी : भोंक नसलेलें, तडा नसलेलें, हातास जड लागणारें व चकचकीत बी घ्यावें. उन्हाळ्यांत सुटे झालेले खण वेलीखालीं सांपडतात, त्यांतून तें गोळा करावें. वेलीवर चढून शेंगा तोडूं नयेत, व खालीं पडलेल्या सर्वच बिया उचलून नेऊं नयेत.

टरफलांतून पाणी आंत जात नाहीं, म्हणून बी तसेंच पेरल्यास तें वर्षानुवर्षें निजून राहील. ज्या ठिकाणीं तें शेंगेस चिकटलेलें असतें ती खूण सोडून दुसऱ्या बाजूची कड खरखरीत दगडावर किंवा कानसीनें घासावी. आंतील पांढरट भाग दिसूं लागला कीं थांबावें. खोल घासूं नये. मग एक दिवस साध्या पाण्यांत भिजत ठेवावें. बी फुगलें तर काम झालें. न फुगल्यास पुन्हां थोडें घासावें. माती व कुजलेलें शेणखत यांनीं भरलेल्या मोठ्या पिशवींत, बियाच्या जाडीइतक्याच खोलीवर, मृगाच्या सुमारास तें आडवें पेरावें. कांहीं आठवड्यांत कोंब वर येतो व एकदां आला कीं पहिल्याच झपाट्यांत हातभर, कधीं पुरुषभरहि चढतो. म्हणून पिशवींत आधारास काठी रोवून ठेवावी.

पुढील वर्षीं पाऊस चांगला लागल्यावर रोप जागेवर लावावें. जागा ओढ्याच्या कांठाची, ओलाव्याची, वारा अडलेली असावी. आणि जवळ उंबर, करंज, नाना अथवा तत्सम मोठें झाड असावें, ज्यावर वेल चढली तरी आपलें उत्पन्न बुडत नाहीं. आंब्याफणसापासून ती दूर ठेवावी. पहिलीं दोन-तीन वर्षें गुरांपासून रक्षणासाठीं कांट्यांचें कुंपण करावें. यापुढें तिला माणसाची गरज उरत नाहीं. फुलोरा यावयास मात्र पुष्कळ वर्षें लागतात, व लावणाऱ्यानें ती घाई धरूं नये.

ज्यांना थोडें उत्पन्नहि हवें असेल, त्यांनीं याच पट्ट्याच्या शेतकडील बाजूस शिकेकाई लावावी. तिच्या कांट्यांनीं कुंपण होतें व शेंगांस बाजारांत गिऱ्हाईक आहे. गुळवेलीचे तर नुसते तुकडे खोंवले तरी लागतात. असा तीन वेलींचा पट्टा ओढ्याकांठीं उभा राहिला, तर जमिनीचा एकहि गुंठा भातापासून हिरावला न जातां कांठ बांधला जाईल.

समारोप

वडगांव मावळच्या भात संशोधन केंद्रानें १९८७ मध्यें इंद्रायणी हा वाण दिला आणि मावळच्या भाताचें नांव महाराष्ट्रभर गेलें. त्याची एक आई आंबेमोहोर, म्हणजे याच भागांत कोणा शेतकऱ्यांनीं पिढ्यान्‌पिढ्या राखलेलें बियाणें. तें राखणाऱ्यांना पुढें इंद्रायणी निघेल हें ठाऊक नव्हतें. त्यांनीं तें मोडलें नाहीं, एवढेंच त्यांचें कर्तृत्व, आणि तेवढ्यानेंच काम झालें. गारंबीपासून उद्यां काय निघेल तें आज कोणी सांगूं नये. परंतु जी वेल वाढावयास माणसाची हयात लागते व तोडावयास पाव तास पुरतो, तिच्या बाबतींत चूक कोणत्या बाजूस झालेली बरी, हें शेतकऱ्यास समजावून सांगण्याची आवश्यकता नाहीं.

यंदा उन्हाळ्यांत आपल्या शिवारांतील घळींतून एकदां फिरून यावें. गारंबी असल्यास तिच्याखालीं पडलेल्या बियांपैकीं दोन उचलावीं. एक आपण लावावें व एक शेजाऱ्यास द्यावें. नसल्यास, जेथें आहे तेथील मालकाकडे मागावें. बियाणें मागण्यांत शेतकऱ्यास कधीं कमीपणा वाटलेला नाहीं, व तें देण्यांत कोणी कधीं दाम घेतलेला नाहीं. तीच जुनी रीत येथेंहि चालू ठेवावी, एवढीच आमची वाचकांस विनंति आहे.